अठरा मार्क कुठे गेले?

सोमवार, ७ जानेवारी २००८

मेमो मिळाला! चौतीस वर्षांच्या नोकरीत पहिला. 'आपल्या टेबलावर त्रेसष्ट प्रकरणे विनाकारण प्रलंबित असून' वगैरे वगैरे. विनाकारण म्हणे! प्रत्येक फायलीवर मी स्वच्छ अक्षरात लिहिलंय — 'चर्चा करावी'. हे कारण नाही?

जूनमध्ये अधीक्षक झाले तेव्हा पेढे वाटले. सगळ्यांनी खाल्ले. पण आता सही करावी लागेल, हे एकानेही सांगितलं नाही. इतकी वर्षं टिपणी माझी आणि सही दुसऱ्याची. आता माझी सही झाल्याशिवाय कागद साहेबांकडे जात नाही. आणि पेन टेकवलं रे टेकवलं की उजव्या कानामागून आप्पा विचारतात, "नीट बघितलंस का?" मग परत पहिल्या पानापासून.

माझ्या वडिलांना, आप्पांना, जाऊन एकोणीस वर्षं झाली. पण ड्यूटी चुकवत नाहीत.

३१ मार्चपर्यंत टेबल रिकामं झालं नाही तर मूळ पदावर परत. म्हणजे त्याच जुन्या खुर्चीत, त्याच लोकांसमोर, आणखी चार वर्षं. त्यापेक्षा धरणात उडी मारलेली बरी. पण त्यालाही आमच्या पाटबंधारे खात्याची परवानगी लागेल, आणि ती फाईल माझ्याकडेच येईल.

बुधवार, ९ जानेवारी

मच्छिंद्र क्लार्क आज टेबलासमोर नुसता उभा राहिला. लेकीच्या लग्नासाठी त्याने जूनमध्ये रजा मागितली होती. अर्ज टाकून गेला, लग्न लावून आला. लेक आता सातव्या महिन्यात आहे. अर्ज माझ्याकडेच आहे.

बोलला असता तर बरं झालं असतं.

गुरुवार, १० जानेवारी

दीक्षाला मेमो दाखवला. लपवणार किती? खराडीला कॉम्प्युटर कंपनीत टेस्टर आहे ती — दिवसभर दुसऱ्यांच्या चुका काढते आणि त्याचा पगार घेते. मी तेच काम घरात फुकट करते.

म्हणाली, "आई, एक थेरपिस्ट आहे. एनएलपी करते." मी म्हटलं, मी वेडी नाही. तर म्हणे वेड्यांसाठी नसतंच ते, डोक्यात जे सारखं वाजत राहतं त्याच्यासाठी असतं. न्यूरो-लिंग्विस्टिक प्रोग्रॅमिंग. तीन शब्द, एकही मराठी नाही! मी म्हटलं, माझ्या डोक्यात प्रोग्रॅम घालायला मी काय रेडिओ आहे? तर हसली. हल्ली बरीच शांत झालीय पोरगी. पूर्वी दार आपटायची. आता मी बोलले की गालातल्या गालात हसते.

आमचे रामदासराव पेपरातून डोकं न काढता म्हणाले, "जाऊन तर ये. नाही पटलं तर 'चर्चा करावी' लिहून ये."

रिटायर झाल्यापासून ह्यांना फार सुचतं.

रविवार, १३ जानेवारी

गेले. खराडीत त्या थेरपिस्ट मुलीच्या भावाचं टाइल्सचं दुकान, त्याच्यावर हिची खोली. मुलगी तेजस्विनी, तिशीतली, गावचीच. पूर्वी ह्याच जागेवर त्यांची ज्वारी होती म्हणे. बाहेरच्या खोलीत तिची आजी सोजरबाई लसूण सोलत बसलेली. मला वरपासून खालपर्यंत न्याहाळून म्हणाली, "झोप येती का तुमास्नी? जेवन जातंय? मंग कशापायी आलाव?" पहिलं निदान बाहेरच झालं.

आत गेल्यावर मी पदर सावरला. मुलीने ओढणी सावरली. मी हाताची घडी घातली — तिनेही! मी खोकले, तिने घसा साफ केला. मला वाटलं वेडावतेय मला. खात्री करावी म्हणून चप्पल काढून पाय मांडीखाली घेतला. तिनेही पाय वर घेतला! मग मी सरळ विचारलं, "काय चाललंय हे?" लाजली. म्हणाली, "काकू, ह्याला मिररिंग म्हणतात. समोरच्यासारखं बसलं की त्याला आपलेपणा वाटतो." मी म्हटलं, मला भीती वाटली.

मग म्हणाली, तुम्ही आत्ता वर डावीकडे बघितलंत, म्हणजे जुनं काहीतरी आठवत होतात. मी म्हटलं, वर डावीकडे पाल आहे. तिने बघितलं. होती.

निघताना मी कचेरीतल्यासारखं विचारलं — ह्याला पुरावा काय? मला वाटलं आता फेकाफेकी करेल. पण मुलगी खरं बोलली. "काकू, डोळ्यांचं ते फारसं खरं नाही असं संशोधन करणारे म्हणतात. बाकीच्यावरही वाद आहेत. पण काही गोष्टी काही माणसांना चालतात. चार वेळा करून बघा. फरक पडला तर ठेवा, नाहीतर सोडून द्या."

सरकारात एवढं सरळ उत्तर मला कुणी दिलेलं नाही. पुढच्या रविवारी जाणार.

रविवार, २० जानेवारी

आज 'अँकर'. म्हणजे अभिमानाचा एखादा क्षण डोळे मिटून आठवायचा, अगदी रंगरूपासकट, आणि तो ऐन भरात आला की डाव्या हाताच्या मधल्या बोटाचं पेर दाबायचं. चारपाच वेळा केलं की नंतर नुसतं पेर दाबलं तरी तो अभिमान परत येतो म्हणे.

मी मॅट्रिकचा निकाल घेतला. गणितात ब्याऐंशी! वस्तीत पहिली. हेडमास्तरांनी स्वतः येऊन सांगितलं. सगळं लख्ख दिसलं — परकर, वेणीची लाल रिबीन, दारातली गर्दी. पेर दाबलं. पाच वेळा दाबलं. छान वाटलं.

मंगळवार, २२ जानेवारी

घात झाला. कचेरीत फाईल उघडली, पेर दाबलं — आणि आप्पा दुप्पट मोठ्या आवाजात, "बाकीचे अठरा कुठे गेले?"

कारण त्या दिवशी ते हेच म्हणाले होते! हेडमास्तर दारात उभे, बायका ओवाळायला आलेल्या, आणि आप्पा निकालपत्र उलटसुलट करून विचारतात, अठरा मार्क कुठे गेले. मी नेमका तोच दिवस निवडला. दिवसभर चुकून जिथे तिथे पेर दाबलं जात होतं. चहाचा कप धरला — अठरा! बसचा दांडा धरला — अठरा!

एकाही फायलीवर सही नाही. उलट कालची एक परत मागवली.

रविवार, २७ जानेवारी

तेजस्विनीला सांगितलं. हसू दाबताना तिचे खांदे हलत होते. दुसरा क्षण घेऊ म्हणाली. मी पाऊण तास शोधला. लग्न, नोकरी, दीक्षाचा जन्म, प्रमोशन — प्रत्येक ठिकाणी आप्पांचं काहीतरी आहेच. नोकरीचं पत्र आलं तेव्हा "तारीख बघितलीस का?" दीक्षा झाली तेव्हा "वजन कमी वाटतंय." नाव मात्र त्यांनीच ठेवलं. छप्पन साली नागपूरला जाऊन आले होते, तो दिवस नातीच्या नावात हवा म्हणाले.

मग तिने वेगळंच विचारलं. हा आवाज तुमचं काय भलं करायला बघतोय? मी म्हटलं, भलं कसलं? आणि मग आठवलं. आप्पा दारूगोळ्याच्या कारखान्यात पेट्या वाहायचे. एकदा साहेबाने पुढे केलेल्या कागदावर न वाचता अंगठा दिला, आणि त्यांची तीन वर्षांची नोकरी रजिस्टरातून गेली. वाचता येत नव्हतं ना! म्हणून मला शिकवलं. म्हणून ते "नीट बघितलंस का?"

हे मला माहीत होतं. पण असं एका रेषेत कधी मांडलं नव्हतं. ह्याला रीफ्रेमिंग म्हणतात. ह्यातलं मला हे एक पटलं.

रविवार, ३ फेब्रुवारी

आज भांडून आले.

सुरुवात बरी होती. आवाज कुठून येतो? उजव्या कानामागून. तो खाली सरकवा, डाव्या पायाच्या अंगठ्यापर्यंत. सरकवला. खरंच बारीक झाला! मग म्हणाली, तुम्हाला कुठल्या आवाजाचं हसू येतं? मी सांगितलं — आमच्या विश्रांतवाडीत साड्यांच्या सेलची रिक्षा फिरते, भोंगा लावलेली. 'खुशखबर! खुशखबर! माता-भगिनींनो!' तर म्हणते, छान. आता तुमच्या आप्पांना त्या आवाजात बोलू द्या.

मी पर्स उचलली. ज्या माणसाने पेट्या वाहून मला मॅट्रिक केलं त्याला मी भोंग्यावर बसवू? तेजस्विनी म्हणाली, त्यांना नाही काकू, फक्त आवाजाला. मी ऐकूनच घेतलं नाही. बाहेर सोजरबाई म्हणाली, "झालं का बरं?"

सोमवार, ४ फेब्रुवारी

आप्पा सेलच्या रिक्षात बसणार नाहीत. विषय संपला.

शनिवार, ९ फेब्रुवारी

विषय संपला नाही. टेबलावर एकाहत्तर फायली.

ह्यांना सगळं सांगितलं. मला वाटलं चेष्टा करतील. हे म्हणाले, "आप्पा स्वतःच किती नकला करायचे. आपल्या लग्नात तुझ्या मामाची केली, तेव्हा मामा स्वतः पोट धरून हसले होते."

हे मी साफ विसरले होते. आप्पा हसायचेसुद्धा! मागचे दोन दात पडलेले, हसले की हात तोंडावर धरायचे. मी त्यांचा तेवढा एकच प्रश्न ठेवला आणि बाकीचा माणूस कुठे टाकला कोण जाणे. भिंतीवरच्या फोटोसमोर उभी राहिले आणि म्हटलं, आप्पा, रिक्षात बसता का हो थोडा वेळ?

नाही म्हणाले नाहीत.

सोमवार, ११ फेब्रुवारी

खुशखबर! खुशखबर! मच्छिंद्रची फाईल घेतली, एकदा वाचली, पेन टेकवलं. उजव्या कानामागे खरखर झाली — 'माता-भगिनींनो, नीट बघितलंत का ऽऽ! फक्त दोन दिवस, फक्त दोन दिवस!' मी फिसकन हसले. आणि हसता हसता सही झाली.

नऊ फायली! मच्छिंद्रने रजेचा मंजूर अर्ज दोन्ही हातांनी घेतला. म्हणाला, "बाई, आता बारशाचाही आत्ताच टाकून ठेवू का?" टाक म्हटलं.

बुधवार, २० फेब्रुवारी

एकूण सदतीस गेल्या. पण एक भानगड झाली. साहेबांनी केबिनमध्ये बोलावून उरलेल्या फायलींवरून झाडायला सुरुवात केली, आणि त्यांचाही आवाज आपोआप रिक्षात जाऊन बसला. मी काही केलं नाही! 'शासन हे खपवून घेणार नाही' — 'आजच भेट द्या!' ओठ दाबले, पदर तोंडात कोंबला. साहेब थांबले. म्हणाले, "सोनवणे बाई, ह्यात हसण्यासारखं काय आहे?" मी म्हटलं, "काही नाही साहेब, दाढ दुखतेय." तर त्यांनी अर्धा दिवस सुट्टी दिली.

तेजस्विनीला फोन करून सांगितलं. म्हणाली, जरा लगाम ठेवा काकू.

गुरुवार, २८ फेब्रुवारी

पेन्शनचं प्रकरण एकदाच वाचलं. जन्मतारीख चुकलेली होती, एका नजरेत सापडली! म्हणजे चूक एकदा वाचूनही सापडते. मी तीस वर्षं प्रत्येक कागद तीनदा वाचला. दोनतृतीयांश आयुष्य वाचलं असतं माझं.

रविवार, २ मार्च

तेजस्विनी फोनवर होती म्हणून बाहेर बसले. सोजरबाईला म्हटलं, तुमच्या नातीने मला बरं केलं हो. सोजरबाई खूश. म्हणाली, "लई गुनाची हाय. मागल्या साली एक पोर यायची बगा, दीक्षा नावाची, हितंच कंपनीत हाय. तिला बी तुमच्यावानीच आवाज यायचा. आईचा. आई लई घालून पाडून बोलायची म्हनं. रडायची पोर. मंग तेजूनं त्या आईची कोंबडी केली. तवापासनं गप हाय. आई बोलाय लागली की हिला आपलं पक-पक-पकाक!"

आणि हसली. लसूण सोलता सोलता हसली.

मी तेजस्विनीला न भेटता निघाले. रिक्षात हळूच बोलून बघितलं — 'नीट बघितलंस का.' रिक्षावाल्याने मागे वळून विचारलं, काय म्हणालात? काही नाही म्हटलं.

सोमवार, ३ मार्च

कचेरीत गेले नाही. आठवत बसले. नको तेवढं आठवलं.

इंजिनीअरिंगला एकाहत्तर टक्के — मी म्हणाले, "उरलेले एकोणतीस?" नोकरी लागली — "कायम आहे का कंत्राटी?" पहिल्या पगाराची साडी आणली, मोरपंखी — "रंग जाणार." रंग अजून गेलेला नाही. मी ती नेसतेही. पण तिला सांगितलं नाही. 'छान' हा शब्द माझ्या तोंडून कधी गेला असेल तर भाजीवाल्याला. नाही, त्यालाही नाही.

माझ्या डोक्यातलं काढायला गेले, आणि ते मी कधीच तिच्या डोक्यात घालून ठेवलं होतं. तसंच्या तसं. माझी पोर कुणाच्या तरी खोलीत बसून माझ्यामुळे रडत होती आणि मी इथे दार का आपटतेस म्हणून विचारत होते.

रडले. चांगली तासभर. हे दारात चहा घेऊन उभे होते, कप ठेवून गेले.

गुरुवार, ६ मार्च

दीक्षाने पोहे केले. मी म्हटलं, "छान झालेत हं." पुढे 'पण मीठ' येत होतं, ते पाण्याबरोबर गिळलं. दीक्षाने माझ्या कपाळाला हात लावून बघितला. मग ह्यांना म्हणाली, बाबा, आईला ताप आहे का?

रविवार, ९ मार्च

तेजस्विनीला सगळं सांगितलं. बिचारी पांढरी पडली. आजीला इथे बसवणार नाही म्हणाली, दीक्षाची माफी मागते म्हणाली. मी म्हटलं, ते राहू दे. मला त्या मुलीच्या डोक्यातून बाहेर काढ. मी तुझ्यापुढे हात जोडते.

ती म्हणाली, "दुसऱ्याच्या डोक्यातलं आपल्याला नाही काढता येत, काकू. त्यात नवीन भर तेवढी थांबवता येते."

आजचा वेळ एवढ्यातच गेला.

बुधवार, १२ मार्च

दीक्षाची परदेशी बदली झाली. अटलांटा, दोन वर्षं. तीस तारखेला निघणार. पेढ्यांचा पुडा हातात, दारातूनच सांगितलं, आणि मग माझ्याकडे बघत उभी राहिली.

किती प्रश्न आले तोंडात! राहणार कुठे, थंडीचं काय, दोनची चार वर्षं झाली म्हणजे? सगळे परत पाठवले. म्हणाले, "छान." घोगरा आला तो शब्द. सवय नाही ना त्याला!

ती वाट बघत होती आणखी कशाची तरी. मग आत गेली.

बुधवार, १९ मार्च

मी बोलत नाही. बोललं की काय निघेल भरवसा नाही, त्यापेक्षा गप्प बरी. तिने स्वेटर दाखवले — छान. बॅग दाखवली — छान. बॅगेची चेन अर्धी उसवलेली होती! तरी छान म्हणाले. रात्रभर त्या चेनची काळजी केली आणि ती कचेरीत गेल्यावर चांभाराकडून नीट करून आणून ठेवली.

हे म्हणाले, तुम्हा दोघींचं भांडण झालंय का? घर फार शांत झालंय.

शुक्रवार, २८ मार्च

टेबल रिकामं! शेवटची फाईल सव्वाचारला गेली. साहेब स्वतः येऊन बघून गेले. मच्छिंद्रने बारशाचे लाडू आणले. खुर्ची माझीच राहिली.

पंधरा वेळा मनात आलं, दीक्षाला फोन करून सांगावं. केला नाही. घरी आल्यावर तिने विचारलं, "आई, झालं ना सगळं?" हो म्हटलं. मग माझ्या शेजारी येऊन बसली. बराच वेळ बसली.

रविवार, ३० मार्च

आठला गाडी यायची होती. साडेसातला दीक्षा मोबाईल घेऊन समोर बसली. "आई, तेजस्विनीचा फोन आला होता मला. तुला कळलंय ते मला माहीत आहे. आता ह्यात बोल, रेकॉर्ड करून नेते. पासपोर्ट घेतलास का, गॅस बंद केलास का, नीट बघितलंस का — सगळं बोल."

मी म्हटलं, तुझ्याकडे कोंबडी आहे ना?

"कोंबडी इथे ठीक होती, आई. तिकडे कोंबडीवर नाही भागायचं."

बोलले. पहिल्यांदा आवाज फारच गोड निघाला. "असा नाही, नेहमीचा." चौथ्या खेपेला जमला. तिने तो दोनदा लावून ऐकला, मान हलवली आणि फोन पर्समध्ये ठेवला.